साकवाजवळची उपडी चप्पल

मी साकव बोलतोय, भिवपुरीच्या खालच्या अंगाला ओढ्यावर पडलेला. दोन सागाचे सोट, वर ठोकलेल्या फळ्या, एवढाच माझा जीव. माणसं माझ्यावरून जाता जाता पचकन थुंकतात. त्यांच्याबद्दल माझं मत चांगलं नाही, आधीच सांगून ठेवतो.

मला बांधणाऱ्या आबाजीला एक युक्ती चुकून सापडली. वासा धरून तो उलट्या पावलांनी माझ्यावरून चालला होता. काठावर एका पायातली चप्पल निसटून उपडी पडली. पलीकडे पोचला, तर गेल्या साली मेलेला त्याचा बैल बांधावर चरत उभा! गाव हेच, माणसं हीच, पण एखादी गोष्ट वेगळी घडलेली. इकडे चप्पल उपडी आहे तोवर वाट उघडी. कोणी ती सरळ केली की बंद.

केवढी विद्या! आणि या दिवट्यांनी तिचं केलं काय? वाल्मिक गेला तो तिकडे तरी आपण सरपंच झालो का ते बघायला. तिकडेही पडला होता. तोंड पाडून परत आला आणि आजतागायत कोणाला बोलला नाही. नवीन गेला, नकार दिलेल्या पोरीला बघायला. तिकडे ती त्याचीच बायको होती आणि दोघं एकमेकांशी बोलत नव्हते. शी!

मग आला जगदीश. त्या दिवशी खालापूरच्या कचेरीत दोघा भावांपैकी एकाने जायचं होतं. हा आळशी अंथरुणातून उठेना, म्हणून धाकटा गजा मोटरसायकलवर गेला आणि टेंपोखाली आला. तेव्हापासून त्यांची आई, मोतीबाई, धड जेवलेली नाही. तिकडे मात्र जगदीश स्वतः गेला होता. तिकडे तो मेला आणि गजा जिवंत राहिला.

जगदीशने माझ्यापाशी चप्पल उपडी ठेवली आणि घरच्या कुत्र्याला राखणीला बसवलं.

"वाघ्या, कुणाला हात लावू देऊ नको रं. गजाला घेऊन येतो. आये त्याला बघंल, दोन घास खाईल, मग सोडीन त्याला माघारी."

आईला आधी सांगायचं सुचलं नाही. म्हणे, वेड लागलंय म्हणेल! राखणीला ठेवलं कोणाला, तर कुत्र्याला.

वाघ्या दोन वाटसरूंवर भुंकला. मग पोराला शोधत मोतीबाईच आली. घरच्या माणसावर कुत्रं कशाला भुंकेल? शेपूट हलवत बसलं.

"मेली उपडी चप्पल! घरात भांडणं लावायला कुणी टाकली गं बाई?" असं म्हणत तिने पायाच्या अंगठ्याने ती सरळ केली.

त्याच वेळी माझ्या पलीकडच्या टोकाला दोघांची पावलं पडली होती. मधल्या फळीपर्यंत आली. आणि अंगावरचं ओझं एकदम नाहीसं झालं.

आता मी कुजलोय. शेजारी काँक्रीटचा पूल झालाय, माझ्याकडे कोणी फिरकत नाही. मोतीबाई तेवढी रोज येऊन बसते. चप्पल पोराची, हे तिने मागाहून ओळखलं, पण ती घरी नेत नाही. "जग्या आला की सापडंल त्याला," म्हणते.

लोकहो, तुमच्याकडून मला कसलीच आशा नाही. तरी हात जोडतो, कुठे उपडी चप्पल दिसली तर एकदा तरी ती तशीच राहू द्या. पण नाही, तुमचे हात शिवशिवणारच!

वाघ्याला मात्र कळलंय. आज सकाळीच त्याने तोंडात धरून ती चप्पल उलटी केली. लगेच माझ्या पलीकडच्या टोकाला दोघं धावत चढले. मी जिवाच्या आकांताने करकरलो. बये, थांब गं! नुसती बस!

"हाड रं वाघ्या! पोराच्या चपलेला तोंड लावतोस?"

मोतीबाईने पदराने चप्पल पुसली आणि नीट सरळ ठेवली.