मिरच्यांचा अध्याय

खरं बोललं की सख्ख्या आईला राग येतो म्हणतात. ती सख्खी आई मी. माझी सिद्धी खरंच बोलली, पुराव्यानिशी बोलली, वर छापून बोलली, आणि मला तिचा असा राग आला की सगळा आषाढ मी तिच्याशी धड दोन शब्द बोलले नाही.

आमचं घर गोव्यात, कारापूरला. देवळातली पोथी वाचण्याचा मान आमच्या घराचा, सासऱ्यांनंतर तो ह्यांच्याकडे आला. जयराम त्यांचं नाव. या वयात नवऱ्याचं नाव घ्यायला कसली लाज! नोकरी पंचायतीत केली, पण लोक ओळखतात ते पोथीवाले म्हणूनच. तळेश्वराचं माहात्म्य, हाताने लिहिलेलं, लाल कापडात बांधलेलं. श्रावणात रोज संध्याकाळी देवळात एकेक अध्याय व्हायचा. एरवी चार म्हाताऱ्या आणि एक झोपलेला पुजारी एवढीच मंडळी. पण नवव्या अध्यायाला देऊळ भरायचं.

नववा अध्याय बुडालेल्यांचा. तळ्यात गेलेल्या एका पोराची आणि त्याच्या आईची गोष्ट. जो हा अध्याय एक तप, म्हणजे ओळीने बारा श्रावण वाचील, त्याचं पाण्यात गेलेलं माणूस तिथे अडकून राहणार नाही, सुटेल, असं त्याचं फळ सांगितलंय. ते फळ वाचण्याआधी वाचणारा थांबतो. मग ज्याचं कोणी पाण्यात गेलं असेल तो उठून मोठ्याने त्याचं नाव घेतो. आमच्याकडची ही रीत. मांद्र्याहून विमला यायची, तिचा मुलगा होडीबरोबर गेला. अनुसया यायची, ती मूळची बेळगावकडची, डिचोलीत कारखान्यात कामाला; तिचा नवरा दिनकर पुराच्या पाण्यात वाहून गेला. आणि आम्ही दोघं.

आमचा रुद्रेश खाणीत गेला. खाण बंद पडली, मालक निघून गेले, खड्डा तसाच राहिला आणि त्यात पाणी भरलं. निळंशार पाणी, बघून कोणालाही वाटावं उडी मारावी. मे महिना होता. मी अंगणात पुरुमेंताच्या मिरच्या वाळत घातल्या होत्या, पावसाळ्याची बेगमी. कोणीतरी धावत आलं, मी तशीच धावले. दुसऱ्या दिवशी त्याला वर काढलं. मिरच्या रात्रभर अंगणातच होत्या, त्या कोणी आत घेतल्या नाहीत.

आता नवव्या अध्यायातली ही ओवी ऐका:

अंगणीं मिरच्या राहिल्या तैशा । माय धुंडी दाही दिशा ।
पुसे जळासी, सांग कैशा । हाका माझ्या पोंचती ॥

लग्न होऊन आल्यापासून ही ओवी मी ऐकत होते. पण त्या श्रावणात ह्यांनी ती वाचली आणि मी देवळाच्या खांबाला धरून खाली बसले. देवाला माझ्या अंगणातल्या मिरच्या ठाऊक होत्या. तेवढ्यावर मी जगले, खोटं कशाला सांगू! ह्यांनी त्याच वर्षी बारा श्रावणांचा संकल्प केला. अकरा श्रावण झाले. ताप असो, कंबर धरलेली असो, नववा अध्याय चुकवला नाही. यंदाचा बारावा.

सिद्धी रुद्रेशपेक्षा लहान. बापाच्या मांडीवर बसून ओव्या म्हणायला शिकली, आणि पुढे त्याच वेडापायी पुण्याला जाऊन जुन्या पोथ्यांचा अभ्यास करू लागली. तिचं काम तिने मला समजावलं होतं. एकाच ग्रंथाच्या मिळतील तेवढ्या प्रती गोळा करायच्या, ओळीला ओळ लावून बघायच्या, कुठल्या प्रतीवरून कुठली उतरली ते चुकांवरून ओळखायचं, आणि मुळात काय असेल ते ठरवायचं. तळेश्वराच्या माहात्म्याच्या प्रती तिने पेडण्यात शोधल्या, मयेत शोधल्या, मांद्र्यात एका घराच्या माळ्यावरून काढल्या. आमची पोथी बाहेरच्या कोणाला हात लावू द्यायची पद्धत नाही. लेकीसाठी ह्यांनी ती स्वतः सोडली. तिने फोटो काढले तेव्हा पानं उडू नयेत म्हणून कडा धरून बसले होते, आणि चेहऱ्यावर कोण आनंद! आपल्या पोथीचं पुस्तक होणार म्हणून गावभर सांगत फिरले.

पुस्तक घेऊन ती आषाढात आली. ह्यांनी ते देवापुढे ठेवलं, कुंकू लावलं, मग जनेलाजवळ, खिडकीच्या उजेडाला बसून चष्मा लावून उघडलं. आठवा अध्याय झाला. त्याच्यापुढे जो नववा होता तो आमचा दहावा. ह्यांना वाटलं पानं चिकटली. बोटाला थुंकी लावून पुन्हा पुन्हा चाळलं. सिद्धी हळूच म्हणाली, बाबा, मागे बघा. मागे, पुस्तकाच्या शेपटाला, बारीक अक्षरात आमचा नववा अध्याय होता. वर एकच शब्द: प्रक्षिप्त.

त्याचा अर्थ ह्यांना ठाऊक होता. मला सिद्धीने सांगितला. मागाहून कोणीतरी घातलेलं.

मग ती बोलत राहिली. तिची चूक नव्हती, सगळं नीट जुळवलेलं होतं. हा अध्याय बाकी एकाही प्रतीत नाही, फक्त आपल्यात आहे. त्याची पानं वेगळ्या कागदाची, अक्षर वेगळ्या हाताचं. पुढच्या अध्यायांचे आकडे खोडून पुन्हा घातलेले. आणि मिरच्या, आई, मिरची तर आपल्याकडे पोर्तुगिजांनी आणली. मूळ ग्रंथ त्याच्या कितीतरी आधीचा, त्यातल्या बाईच्या अंगणात मिरची येईल कुठून?

मी म्हटलं, वा गो बाय, आपलेच दात आपलेच ओठ. माझ्या अंगणातली मिरची तेवढी तुला सापडली.

ती रडवेली झाली. म्हणाली की तिलाही हे सापडलं तेव्हा ती कितीतरी दिवस जेवली नव्हती. सोडून देता येत नव्हतं, तिचं कामच ते. पण तिने एक गोष्ट शोधली होती आणि तिला वाटत होतं की बाबांना ती आवडेल. ते अक्षर आपल्याच घरातल्या कोणाचं तरी आहे, जुन्या कागदपत्रांतल्या अक्षराशी जुळतं. बहुतेक त्याचंही पोर पाण्यात गेलं असेल. बाबा, तुमच्यासारख्याच एका बापाने हा अध्याय लिहिलाय, असं ती म्हणाली.

ह्यांनी फळाच्या ओवीवर बोट ठेवलं. मग म्हणाले, "बाय, तेच तर. मला वाटत होतं हे फळ देवाने सांगितलंय. हे तर माझ्यासारख्याच कोणीतरी सांगितलं. त्याला तरी काय ठाऊक होतं?"

ह्यांनी पुस्तक मिटलं, तिच्या डोक्यावर हात ठेवला, काम चांगलं केलंस म्हणाले. रागावले असते तर बरं झालं असतं. ती गेल्यावर मी त्या मेल्या पूर्वजाला तोंडाला येईल ते बोलले. तुझं पोर गेलं तर गेलं, रड की घरात बसून! देवाच्या पोथीत आपलं रडगाणं घुसडायला तुला सांगितलं कोणी? आमच्या पिढ्यान्पिढ्या फसवल्यास.

श्रावण लागला. हे रोज देवळात जात होते, वाचत होते. आवाज तोच, पण घरी आल्यावर कदेलावर, आपल्या जुन्या खुर्चीत, बसायचे आणि दिवा लावायला मीच उठेपर्यंत अंधारात तसेच बसून असायचे. मी एकदा म्हटलं, नववा तेवढा वाचून टाका हो, कोणीही लिहिलेला असो, अकरा वर्षं झाली आहेत. ते काही बोलले नाहीत. मी ते होकारासारखं धरलं.

नवव्याच्या दिवशी देऊळ भरलं. विमला बस बदलून बदलून आली होती. अनुसया कामावरून परस्पर, डोक्याला कारखान्याचा रुमाल तसाच. माझ्या शेजारीच बसली. तिचं हे सातवं वर्ष. ह्यांनी कापड सोडलं, पानं काढली. वेगळ्या कागदाची ती पानं मला आता दुरूनही ओळखू येत होती, इतकी वर्षं कशी दिसली नव्हती कोण जाणे. ह्यांनी ती सगळी एकदम उचलली, पालथी घातली आणि दहावा अध्याय सुरू केला.

आधी कोणाच्या लक्षात आलं नाही. मग बायका एकमेकींकडे बघू लागल्या. अनुसया माझ्या कानाशी म्हणाली, "काकी, आमचा कधी?" मी तिला हाताने थांब म्हटलं. मला अजून वाटत होतं की मागे फिरतील. त्यांनी दहावा संपवला, पोथी बांधली, नमस्कार केला आणि कोणाकडे न बघता बाहेर जाऊन चपला घातल्या. विमला उभी राहिली होती, नाव घ्यायला. तिचे ओठ हललेही होते. मग ती तशीच खाली बसली. माझ्याही तोंडात रुद्रेश होता. तो तिथेच राहिला.

घरी येऊन मी ह्यांना काय काय म्हटलं ते सांगत नाही. त्यांनी एवढंच म्हटलं, "देवकी, त्या बायकांना मी देवाच्या नावाने खोटं आश्वासन कसं देऊ? आणि रुद्रेशला तरी कसं देऊ?" मग जेवले नाहीत.

दुसऱ्या दिवशी मला वाटलं, अध्याय मला पाठ आहे, मीच म्हणीन. अंगणाच्या पायरीवर बसले. मिरच्यांच्या ओवीपर्यंत सरळ आले, नाव घ्यायच्या जागेपर्यंत आले. पुढे फळ. आणि माझ्या डोळ्यांसमोर बारीक अक्षरातलं ते पान उभं राहिलं. जीभ उचलेना. हे आत कदेलावर बसून ऐकत होते.

दुपारी सिद्धीचा फोन आला. आषाढानंतर पहिल्यांदाच तिने मला केला. बोलता बोलता थांबली आणि घाबरत विचारलं, "आई, काल नववा होता ना? बाबांनी वाचला? तप पुरं झालं?"

हे समोरच होते. मान खाली.

मी म्हटलं, "झालं गो. वाचला सगळा. रुद्रेशचं नाव तर ह्यांनी स्वतः घेतलं."

ती रडू लागली. सुटले गं मी, सुटले, असं म्हणत कितीतरी वेळ रडली. मी तिला विमलाचं सांगितलं, अनुसयाचं सांगितलं, देऊळ कसं भरलं होतं, नावं कशी मोठ्याने घेतली, न झालेलं सगळं एकेक करून सांगितलं. ह्यांनी वर बघितलं, पण मला अडवलं नाही.

त्या पूर्वजाला मी आता शिव्या देत नाही.