मावशीच्या गोष्टीवर व्हायोलिन

स्टुडिओतल्या छोट्या थिएटरात मावशी खुर्चीवर मांडी घालून बसली होती आणि तो एसी बंद करायला लाव म्हणून भाचीच्या मागे लागली होती. भाची या सिनेमाची निर्माती. डोंगरातल्या आपल्या माणसांच्या गोष्टी त्यांच्याच बोलीत पडद्यावर आणायच्या, या ध्यासापायी तिने जिवाचं रान केलं होतं. आज सिनेमा निवडक पाहुण्यांना दाखवायचा होता, पण तिला ना आनंद होता ना धास्ती. आत सगळं बधिर झालं होतं.

दिवे मालवले. पडद्यावर मावशी आपल्या दिवंगत नवऱ्याची गोष्ट सांगू लागली. अस्वलाला भिऊन गडी झाडावर चढला, तर वर आधीच दुसरं अस्वल! मग दोघंही एकमेकांना घाबरून धपकन खाली!

व्हायोलिन कण्हू लागलं. खाली भाषांतराची ओळ उमटली: ‘अस्वल आलं. ते झाडावरून पडले.’ वाक्यं वितरकाने छाटली होती, व्हायोलिनही त्याचंच. भाचीने मान डोलावली होती. पाहुण्यांनी रुमाल काढले.

मावशी मात्र पोट धरधरून हसत होती.

"शूऽऽ! जनाची नाही तर मनाची तरी ठेवा!" मागून कुणीतरी खेकसलं.

दिवे लागले. मावशी कावरीबावरी झाली होती. "अगं, हे रडतायत कशाला?"

"त्यांना वाटलं, काका पडून गेले."

"पडून? तापाने गेला गं तो, चांगला म्हातारा होऊन. आणि माझ्या नवऱ्याला मी हसायचं नाही होय? तेवढंच तर राहिलंय माझ्याकडे त्याचं."

वितरक डोळे टिपत आला. "मॅडम, काय रडवलंत!"

"व्हायोलिन काढायचं," निर्माती म्हणाली. "आणि भाषांतर पुरतं लिहायचं."

"अहो, डोंगरातली माणसं हसताना बघायला कोण येणार? काढलंत तर मी सिनेमा लावणार नाही, सांगून ठेवतो."

"नका लावू."

एवढं बोलून ती खाली बसली. आपण काही शौर्य केलं असं तिला मुळीच वाटलं नाही. सगळे गेल्यावर तिने तो प्रसंग व्हायोलिनशिवाय पुन्हा लावायला सांगितला. मावशी खो खो हसली, या वेळी कुणी दटावलं नाही.

वाचकहो, तो सिनेमा तुम्ही पाहिला नाहीत, कारण तो कुठे लागलाच नाही. कीव करायला आपल्याला ही माणसं हवी असतात. पण त्यांच्याबरोबर हसायचं, तर समोरचा बरोबरीचा मानावा लागतो.