डोळा भरायची परीक्षा

हडपसरच्या नर्सरीत मी अठरा वर्सं गुलाबाला डोळे भरले. डोळा म्हंजे फांदीवरचा बारका कोंब. तो सालीसकट काढायचा अन् जंगली गुलाबाच्या खुंटात बसवून पट्टीनं बांधायचा. आता मालक आप्पासाहेबांनी जागा बिल्डरला दिली. कर्वेनगरच्या एका कॉलेजच्या बागेत माळणीची कायमची जागा निघाली व्हती. ती हातची गेली तर पुढं काय?

त्यात आधी तोंडी परीक्षा! पोरगी प्रेमलानं आठ दिवस घोकून घेतलं. आम्ही ज्याला कलमं करणं म्हणतो, त्याला पुस्तकात म्हणं 'शाखीय अभिवृद्धी' म्हणत्यात. मेलं, एवढं नाव ऐकून झाडालाबी घाम फुटंल.

परीक्षेला दीनानाथ सर व्हते. त्यांनी इचारलं ते मी धडाधड सांगितलं.

"पाठांतर चांगलं आहे," ते म्हणाले. कौतुक का टोमणा, देव जाणे.

मग हातात चाकू दिला अन् पुढं पाच खुंट. फेब्रुवारीचं कोरडं वारं सुटलेलं. पहिला डोळा काढला अन् सवयीनं तोंडाकडं नेला. आम्ही नर्सरीतल्या बाया खुंटाची साल चिरंपर्यंत डोळा ओठांत धरतो, म्हंजे तो वाळत न्हाई. पण सर टक लावून बघत व्हते. थुंकी लावलेली बघून काय म्हणतील? मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. डोळा फडक्यावर ठेवला. पाची तसेच भरले.

डोळा जगला का ते एकवीस दिवसांनी कळतं; तवर माझ्या डोळ्याला डोळा न्हाई. देवाला नारळ बोलले. एकविसाव्या दिवशी सरांनी माझ्यासमोर पट्ट्या सोडल्या. पाची डोळे काळेठिक्कर.

"वाळले, शकूबाई. तुम्ही नर्सरीवाल्या डोळा तोंडात धरता ना? त्या दिवशी का नाही धरलात?"

"तुम्ही बघत व्हता."

"तेच बघायला उभा होतो मी. पुस्तकात ते लिहिलेलं नाही."

"मग तवाच बोलायचं की वो!" मी ओरडलेच. रागानं रडू फुटलं.

सरांनी चष्मा काढून पुसला.

"परीक्षकानं मधे बोलायचं नसतं," ते म्हणाले, अन् यादीतल्या माझ्या नावावर रेघ मारली.