फिक्रीचा आवाज

फिक्री आणि वगदी दोघेही झगाझिग गावचे. एकाच वर्षी कैरोला नाट्यसंस्थेत आले आणि तिथल्या शुब्रा वस्तीत एका खोलीत राहिले. वगदी उंच, देखणा, खड्या आवाजाचा. शिक्षण संपायच्या आत तो सिनेमात नायक झाला. फिक्री ठेंगणा, ढेरपोट्या. त्याच्या वाट्याला हवालदार, दरवान, नायकाचा मार खाणारा गुंड. "माझ्या मित्राला काहीतरी द्या, असं मीच निर्मात्यांना सांगायचो," हे वगदी चारचौघांत आवर्जून सांगायचा.

मग टीव्ही आला. रमजानच्या एका मालिकेत फिक्रीला म्हाताऱ्या ट्रामचालकाचं, बयूमीकाकांचं काम मिळालं. इफ्तार उरकला की रस्ते ओस पडायला लागले. कॉफीखान्यात पत्ते थांबले. वगदीला तोवर सिनेमे मिळेनासे झाले होते.

त्याच्या घरीही तेच. त्याची बायको इन्साफ कुनाफा मिठाईची बशी मांडीवर घेऊन टीव्हीसमोर बसायची.

"मीठ कुठाय?" वगदीनं विचारलं.

"गप्प बसा हो, काका बोलतायत."

वगदी वर्तमानपत्राआडून बघायचा. एकही भाग त्यानं चुकवला नाही. "बघ, श्वास चुकीच्या जागी घेतो. शेवटचा शब्द गिळतो. याला अभिनय म्हणतात?" असं म्हणून तो फिक्रीची नक्कल करायचा. इन्साफ सुरुवातीला हसली. पुढं म्हणाली, "तुम्हाला दुसरं काही सुचत नाही का आता?"

मालिकेचं तिसरं वर्ष चालू असताना फिक्रीच्या घशात गाठ निघाली. शस्त्रक्रियेत स्वरयंत्रच काढावं लागलं. चित्रीकरण अर्धवट होतं. फिक्री गळ्याला मफलर गुंडाळून आला आणि नुसते ओठ हलवून उरलेले प्रसंग केले. दिग्दर्शिका उल्फतबाई वगदीकडे आल्या.

"उस्ताद, आवाज तुम्ही द्या. कुठंही नाव येणार नाही. लोकांना कळता कामा नये."

"त्या जाड्याला मी आवाज देऊ?"

"आम्ही सात-आठ जण ऐकले. जमलं नाही कुणाला."

वगदी गेला, तो काम बिघडवायच्याच इराद्यानं. पडद्यावर फिक्रीचे ओठ हलले आणि वगदीच्या तोंडून आवाज निघाला: तोच चुकीच्या जागी घेतलेला श्वास, तोच गिळलेला शब्द. इतकी वर्षं जळत जळत त्यानं फिक्रीला ऐकलं होतं. बिघडवायला गेला, तरी त्याला दुसरं काही येईना. काचेपलीकडे उल्फतबाईंनी डोळे पुसले.

मालिका संपली. वर्तमानपत्रांनी लिहिलं, फिक्रीचा आवाज असा आधी कधीच लागला नव्हता. आवाज आपला आहे हे इन्साफला वगदीनं सांगितलं होतं, तरी शेवटच्या भागात ती रडली आणि म्हणाली, "बिचारे फिक्री."

ईदनंतर दोघे कॉफीखान्यात बसले होते. लोकांनी फिक्रीभोवती गराडा घातला. त्याचा घसा बसलाय, असंच सगळ्यांना सांगून ठेवलं होतं. एक शिंपी म्हणाला, "उस्ताद, मुलीला निरोप देताना काय बोललात! माझा बाप आठवला."

फिक्रीनं नाही अशी मान हलवली आणि वगदीकडे बोट दाखवलं. शिंपी वळून ओरडला, "अरे, यांनापण चहा आणा."

वगदीला राहवेना. त्यानं त्याच आवाजात ते वाक्य म्हटलं: "जा पोरी, मागं बघू नकोस. मी इथंच आहे."

सगळ्यांनी वळून पाहिलं. मग शिंप्यानं टाळी वाजवली. "वा, हुबेहूब नक्कल करता की तुम्ही."

वगदीचा चेहरा उतरला. फिक्री ताडकन उठला. जोरजोरानं हात हलवत ओठांनी काहीतरी सांगू लागला. कुणाला कळेना. वगदीला मात्र शब्द न् शब्द कळला: तो मी नव्हतो, हा होता.

"काय म्हणतायत हो उस्ताद?" शिंप्यानं वगदीला विचारलं. "तुम्ही जुने दोस्त, तुम्हाला कळत असेल."

हे लोकांना सांगायचं तर वगदीला ते श्रेय स्वतःच्याच तोंडानं मागून घ्यावं लागणार होतं. तेही फिक्रीच्या वतीनं, फिक्रीनं घातलेली भीक म्हणून.

"चहात साखर कमी आहे म्हणतोय," वगदी म्हणाला.

लोक साखरेसाठी धावले. फिक्री त्याच्याकडे बघत राहिला, मग हळूच खाली बसला. पुढच्या वर्षी फिक्रीच्या नव्या मालिकेत आवाज द्यायला उल्फतबाईंनी पुन्हा बोलावलं, तेव्हा वगदीनं घसा बसलाय असं कळवलं.