पत्रिकेत छापलेली भाजी

अल्लीपूरच्या रूपरावांनी जन्मात एकच गोष्ट लपवली होती, आणि ती चव्हाट्यावर यायची वेळ आणली त्यांच्याच लाडक्या नातीनं. तेही लग्नपत्रिकेत छापून.

पत्रिकेत तसं सगळं जागच्या जागी होतं. वर गणपती, मधे नावं, मुहूर्त, आंजी गावचे व्याही. पण सगळ्यात खाली, जिथे लोक 'आमच्या ताईच्या लग्नाला यायचं हं' छापतात, तिथे अंकितानं छापून घेतलं होतं: 'भोजनात आमच्या आबाजींच्या हातची वांग्याची भाजी.'

"हे काय व?" रूपरावांनी चष्मा पुसून पुन्हा वाचलं.

"सगळ्याइच्या लग्नात तेच ते राह्यते आबाजी. फुलाची कमान, सेल्फीचा कोपरा. मले माह्या लग्नात आपल्या घरचं काही पाह्यजे."

"अवं पण, केटरर ठरला ना हिंगणघाटचा?"

"तो बाकीचं करंल. भाजी तुमची."

"माहे गुडघे दुखून राह्यले."

"गुडघ्यानं घोटता काय भाजी?" अंकिता हसली आणि उरलेल्या पत्रिका पिशवीत भरून निघून गेली. तोवर पार जाम गावापर्यंत वाटून झाल्या होत्या. आता नाही म्हणणं म्हणजे भरल्या ताटावरून उठणं.

चाळीस वर्षं रूपरावांनी लग्नाची भाजी केली. वांगी स्वतःच्या वाडीतली, आणि हात देवाचा, असं लोक म्हणत. लग्नसराईत सराटा, म्हणजे भाजी घोटायचा हातभर लांब लोखंडी उलथणं, सायकलीला बांधायचा आणि निघायचं. मोबदला काय, तर एक नारळ आणि एक दुपट्टा. तेव्हा पंगती आंब्याखाली बसत. पळसाच्या पत्रावळी, गळके द्रोण, आणि भाजीची तर्री मनगटावरून कोपरापर्यंत ओघळली तरी माणूस उठत नसे. ते दिवसच निराळे होते. आता माणूस हातात प्लेट घेऊन उभ्यानं खातो आणि चौकशी आइस्क्रीमची करतो.

रूपरावांचा एक नेम होता. पहिला द्रोण मारुतीला. नैवेद्य पोचेस्तोवर आचाऱ्यानं भाजी जिभेला लावायची नाही. मग मीठ-मसाला कळायचा कसा? नाकानं. पन्नास किलोच्या गंजात, म्हणजे भल्या मोठ्या पातेल्यात, वर तर्री दिसते, ती डोळ्यांना फसवते. खाली मसाला कच्चा आहे की लागला, ते वासालाच कळतं. घरी भाजी असली की चिमुकली अंकिता मागच्या दाराच्या उंबऱ्यावर बसायची. रूपराव विचारायचे, "काय म्हणते भाजी?" ती नाक वर करून सांगायची, "कच्ची आहो म्हणते," नाहीतर "पाणी मागून राह्यली." पोरगी एकदाही चुकली नाही. रूपरावांना त्याचा फार अभिमान होता.

मग कोरोनाच्या दुसऱ्या वर्षी ताप आला. ताप गेला, पण जाताना रूपरावांचा वास घेऊन गेला. आज येईल, उद्या येईल म्हणता वर्षं गेली. लोक भाजीला बोलवायला आले की रूपराव गुडघे पुढे करत. घरी जे ताटात पडेल त्याला "झकास" म्हणत. खारट झकास, अळणी झकास, करपलं तरी झकास. मनकर्णाबाईंना वाटलं, म्हातारपणी का होईना, नवऱ्याला बायकोची किंमत कळली. त्या बिचाऱ्या खूश होत्या, म्हणून तर रूपरावांना खरं सांगवत नव्हतं.

लग्नाला चार दिवस उरले तेव्हा त्यांनी वाडीत चोरून लहान गंजात भाजी करून पाहिली आणि शेजारच्या बांधावरच्या बंडूजीला चाखायला दिली.

"बढिया!" बंडूजी म्हणाला.

रूपरावांना हायसं वाटलं. मग आठवलं, बंडूजी चहालाही बढिया म्हणतो आणि मयतीच्या जेवणालाही.

लग्नाच्या सकाळी घरामागे चर खणून कपाशीच्या वाळक्या पऱ्हाट्या पेटवल्या. गंज चढला. रूपरावांनी मारुतीला हात जोडले आणि तेल ओतलं. कांदा डोळ्यांनी कळला. मसाला पडला, धूर उठला, आणि त्यांना काहीच कळेना. भोवती चार माणसं नाक फुलवत "आहाहा" करत होती आणि रूपराव कोरड्या विहिरीत बादली सोडल्यासारखा श्वास ओढत होते. आंजीची वरात तासाभरात येणार होती. पत्रिकेत नाव होतं.

"काय म्हणते भाजी, विचारा ना!"

रूपरावांनी वळून पाहिलं. मागच्या दारात, उंबऱ्याच्या आत, पाटावर अंकिता बसली होती. अंगावर हळदीची पिवळी साडी, एका डोळ्यात काजळ, दुसरा कोरा. मागे पार्लरवाली कंगवा घेऊन कपाळाला हात लावत होती.

"हळदीच्या अंगानं दारात बसतात काय व?" आतून मनकर्णाबाई ओरडल्या.

"उंबरा नाई ओलांडला, आजी!" अंकितानं नाक वर केलं. "कच्ची आहो म्हणते, आबाजी. अजून घोटा."

रूपरावांनी घोटलं.

"हां, आता वांगे टाका. आता पाणी मागून राह्यली."

पाणी पडलं. धुरानं तिचं काजळ गालावर आलं, पार्लरवाली रडकुंडीला आली. वांगी अर्धी शिजली असतील तोच अंकिता अर्धी उठली. "आबाजी, जाळ काढा! खाली लागून राह्यलं!"

रूपरावांनी हातानंच जळत्या पऱ्हाट्या ओढल्या. भाजी वाचली. मग सराटा टेकून ते उंबऱ्याशी आले.

"तुले कधी समजलं?" त्यांनी हळूच विचारलं.

"दूध करपलं ना, त्या दिवशी. घरभर वास, अन् तुमी बाजूलेच बसून पेपर वाचून राह्यलते."

रूपरावांना तो दिवस आठवला. दोन वर्षांमागचा. अंकितानं पुढे होऊन "माह्याच हातून करपलं" म्हटलं होतं, आणि मनकर्णाबाईंनी तिला नाही नाही ते सुनावलं होतं.

"मंग पत्रिकेत काऊन छापलं, बाई?"

"तुमाले विचारलं असतं, तर तुमी गुडघे दाखवले असते."

पहिला द्रोण मारुतीला गेला. मग आंजीकरांनी भाजी अशी चापली की केटररचं पनीर तसंच राहिलं. बंडूजी बढिया म्हणाला. त्या दिवशी ते खरं होतं.

संध्याकाळी पाठवणीला अंकिता गळ्यात पडून रडली. रूपराव एवढंच म्हणाले, "दिवाळीले येजो. भाजी करू."

दुसऱ्या दिवशी सकाळी घर ओकंबोकं झालं होतं. मंडपाची दोरी वाऱ्यानं हलत होती. रूपराव चुलीपाशी चहाची वाट पाहत बसले होते, तेवढ्यात मनकर्णाबाई अंगणातून धावत आल्या.

"अजी, दूध करपलं! बाजूले बसले, अन् वास नाई आला?"

घरात आता दुसरं कोणी पुढे होणारं नव्हतं.

"नाई आला," रूपराव म्हणाले. "तो ताप आला तवापासून येत नाई."

मनकर्णाबाई पातेलं हातात धरून तशाच उभ्या राहिल्या. इतक्या दिवसांचे सगळे 'झकास' एकदम आठवले असावेत, रागावतील असं रूपरावांना वाटलं. पण त्या पातेल्याच्या करपलेल्या बुडाकडे पाहत होत्या.

"मंग त्या दिवशीचं दूध..."

"माह्यासाठी तिनं आपल्या अंगावर घेतलं."

मनकर्णाबाईंनी पातेलं खाली ठेवलं. "अन् मी त्या लेकरावर हात उगारला होता."

बराच वेळ त्यांनी पदर डोळ्यांवरून काढला नाही. मग म्हणाल्या, "आंजीले फोन लावा."

"अवं, सासरी पहिली सकाळ आहे तिची. सगळे बसले असतीन."

"असू द्या," मनकर्णाबाई म्हणाल्या. "लावा तुमी."