आयव्हरी कोस्टचे सर्जेराव

पौर्णिमा होती. सुशीलाबाईंनी सकाळची वंदना आटोपली, बुद्धाच्या तसबिरीपुढची केळी ताटलीत घेतली, शेजारी खिरीची वाटी ठेवली आणि पदर सावरून दाराकडं निघाल्या.

रंगनाथ गजभियेंनी पेपरातून डोकं वर काढलं. "कुठी?"

"वर. नवा माणूस राहाले आला न. तोंड गोड नको का करू त्याचं?"

"तू? ताट घेऊन?"

रंगनाथांचं आश्चर्य खरं होतं. येरवड्याच्या या बिल्डिंगमध्ये आल्यापासून सुशीलाबाईंनी कुणाच्या दारी ताट नेलं नव्हतं. म्हणजे पहिल्या वर्षी एकदा नेलं होतं. शेजारच्या बाईंनी "अय्या, कशाला त्रास घेतलात!" म्हणत पुरणपोळ्या ठेवून घेतल्या, आणि दुपारी त्याच पोळ्या जिन्याखालच्या कुत्रीपुढं पडलेल्या दिसल्या. तुपासकट. कुत्रीनं मात्र चाटूनपुसून खाल्ल्या. कुत्र्यांमध्ये आडनाव विचारायची पद्धत नाही.

माणसांमध्ये आहे. पुण्यात तर फार गोड आवाजात आहे. "गजभिये? वेगळंच आडनाव. मूळचे कुठले आपण?" वर्धा जिल्हा म्हणून सांगितलं की समोरचा "अच्छा अच्छा" म्हणतो, आणि त्या दुसऱ्या अच्छात सगळं येतं. रंगनाथांनी खडकीच्या कारखान्यात उभी हयात काढली ती हे दोन अच्छा ऐकत. घरात वऱ्हाडी, उंबऱ्याबाहेर पुणेरी, मान खाली आणि आवाज त्याहून खाली. एवढ्या भांडवलावर त्यांनी इथं संसार टिकवला होता.

वरचा फ्लॅट लेकीचा. श्रद्धा हिंजवडीला सॉफ्टवेअरमध्ये होती. रोजची बस, रोजचं ट्रॅफिक, म्हणून आठवडाभर तिकडंच मैत्रिणींबरोबर राहायची. हा भाडेकरू तिनंच आणला. "आई, फुटबॉल प्लेयर आहे. आयव्हरी कोस्टचा. युरोपात खेळलाय, आता इथल्या क्लबनं सीझनपुरता घेतलाय. पण कुणी घरच देत नाहीये गं त्याला. ब्रोकर तोंडावर सांगतात, काळा नको. इट्स डिस्गस्टिंग." सुशीलाबाईंनी फार विचार केला नाही. घर न मिळणं त्यांना कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

त्याचं नाव सेर्ज अमानी. रंगनाथांच्या जिभेला सेर्ज काही झेपलं नाही. त्यांनी पहिल्याच दिवशी त्याचा सर्जेराव करून टाकला.

तर सुशीलाबाईंनी वर जाऊन बेल वाजवली. दार उघडलं. उंच, रुंद खांद्यांचा माणूस, गुडघ्याला पट्टा बांधलेला. त्यांनी हसून ताटली पुढं केली. तो हसू लागला आणि मधेच त्याची नजर केळ्यांवर गेली. हसू तिथंच थिजलं. त्यानं ताटलीला हात लावला नाही. "नो, मादाम," एवढंच म्हणाला आणि दार लावून घेतलं. आपटलं नाही. हळूच लावलं. ते जास्त लागलं.

सुशीलाबाई खाली आल्या आणि ताटली ओट्यावर ठेवून भिंतीकडं तोंड करून उभ्या राहिल्या.

"काय झालं वं?"

"हातचं घेतलं नाही त्यानं."

रंगनाथांनी पेपराची घडी घातली. "सोसायटीच्या सेक्रेटरीनं सांगतलं असन त्याले. आल्या आल्या आपली जात सांगतली असन."

"सातासमुद्रापारच्या माणसालेबी?"

"मंग? बाकीचं काही सांगाले लोकं इसरतात, हे नाही इसरत."

दोघांना ही गोष्ट इतकी पटली की दुसरं काही कारण असेल असं मनातही आलं नाही. जन्मभर एकाच जागी मार खाल्लेल्या माणसाला कुणी नुसता हात उचलला तरी गाल दुखतो.

शनिवारी श्रद्धा आली. तिनं ऐकलं आणि तशीच तणतणत वर गेली. बऱ्याच वेळानं खाली आली तेव्हा तिचा राग उतरलेला होता आणि डोळे लाल होते.

"आई, तो घाबरला होता. म्हणजे, त्याला वाटलं तू त्याचा अपमान करायला आलीस."

"मी? खीर घेऊन?"

"केळी घेऊन. अगं, तिकडं स्टेडियममध्ये काळ्या प्लेयर्सना माकड म्हणून चिडवतात. केळी फेकून मारतात अंगावर."

सुशीलाबाई खाली बसल्या. आधी त्यांना हसू आलं. तो म्हणत होता हिनं मला माकड समजलं, आणि मी म्हणत होते ह्यानं मला महार समजलं! हसता हसता त्यांचा श्वास अडकला आणि श्रद्धेनं पाणी आणून दिलं.

मग त्या पुन्हा वर गेल्या, श्रद्धेला बरोबर घेऊन. आत जाऊन त्याच्यासमोर बसल्या, केळ सोललं, अर्धं स्वतः खाल्लं आणि अर्धं त्याच्यापुढं धरलं. "त्याले सांग, आमी हे बुद्धापुढं ठेवतो. फेकून माराची वस्तू नाही हे आमच्यात."

श्रद्धेनं सांगितलं. मग त्यानं ते अर्धं केळ घेतलं, खाल्लं, आणि सुशीलाबाईंना "मामाँ" म्हणाला. त्याच्याकडं वडीलधाऱ्या बाईला तसंच म्हणतात.

त्या दिवसापासून संध्याकाळी तो खाली जेवायला येऊ लागला. तुटक्या इंग्रजीत, चार हिंदी शब्दांत, श्रद्धा असली की तिच्या तोंडून, त्याची हकीकत तुकड्या-तुकड्यानं कळत गेली. आबिजान शहराच्या खाडीकाठी अनवाणी खेळणारा पोरगा. दाढी फुटायच्या आत कुणी दलाल त्याला बेल्जियमला घेऊन गेला. तिथं त्यानं पहिल्यांदा बर्फ पाहिला, आणि तो बर्फावर पडला तेव्हा सगळं मैदान हसलं. दोन मोसम गोल केले, पेपरात फोटो आला. मग रुमानिया. मग पोलंड. मग सायप्रस, तिथं गुडघा गेला. प्रत्येक वेळी क्लब लहान होत गेला आणि राहायची खोलीही.

"कोणता देश चांगला होता?" रंगनाथांनी एकदा विचारलं.

तो भाकरी मोडत म्हणाला, "गोल केला की सगळे. 'आपला सेर्ज' म्हणत. हरलो की मी पुन्हा जंगलातला. मामाँ, मैदानावर ओरडणारे लोक लांब असतात. कान बंद करून पळता येतं. घरमालक दारात असतो."

रंगनाथांनी त्याच्या ताटात आणखी वरण वाढलं.

बिल्डिंगमध्ये कुजबुज सुरू झालीच होती. लिफ्टमध्ये तो शिरला की बायका बाहेर पडत. पोरं जिन्यातून "सर्जा, हुर्र!" ओरडून पळत. बैल हाकतात तसं. त्याला अर्थ कळायचा नाही, तो हात हलवायचा. आणि एका संध्याकाळी सेक्रेटरी दत्तप्रसाद खाली आले. बोलणं मवाळ, हातात गाडीची किल्ली, ती बोटावर फिरवायची सवय.

"गजभियेसाहेब, बसत नाही. दोन मिनिटं. वरच्या पाहुण्यांचं काय ठरलंय?"

"काय ठरायचं? सीझन संपेपर्यंत आहेत."

"तसं नव्हे. लोकांच्या तक्रारी आहेत. वास येतो म्हणे."

"तो तर आमच्याकडं जेवतो," सुशीलाबाई आतून म्हणाल्या.

दत्तप्रसाद तिकडं न बघता हसले. "अहो वहिनी, वास ही भावना असते. आपण सुज्ञ आहात. रविवारी मीटिंग आहे. परदेशी भाडेकरू ठेवणार नाही, असा ठराव करतोय. आपली सही लागेल, घरमालक म्हणून. आणि एक सांगू का, राग मानू नका. तुम्ही फ्लॅट घेतलात तेव्हासुद्धा काही लोकांच्या शंका होत्या. मीच मिटवलं होतं. आठवत असेल आपल्याला."

किल्ली एकदा फिरली आणि ते गेले.

रंगनाथ त्या रात्री जेवले नाहीत. "सुशीले, मी थकलो. आता या वयात पुन्हा कोनाशी भांडू? आपल्याले इथंच मराचं हाय. त्याले दुसरीकडं मिळन घर."

"कुठी मिळन? सांगा न कुठी मिळन?"

ते त्यांनाही माहीत होतं. परदेशी माणसाची पोलिसांत नोंद व्हायला घरमालकाचा पत्ता लागतो. पत्ता गेला की नोंद गेली, नोंद गेली की क्लब त्याला मैदानात उतरवणार नव्हता. आणि तिशी उलटलेल्या, गुडघा गेलेल्या खेळाडूला मधेच सोडलं की दुसरा कोणता क्लब विचारणार? त्याच्या सगळ्या युरोपचा शेवट या जिन्यावर होणार होता.

रविवारी सकाळी रंगनाथ वर गेले. दार उघडं होतं. ते उंबऱ्याच्या बाहेरच थांबले. सेर्जनं त्यांच्या पायांकडं पाहिलं. जन्मभर मैदानावर समोरच्याचे पाय वाचून पोट भरलेला माणूस. आत न येणारा घरमालक काय सांगायला आलाय हे त्याला चार देशांत कळून चुकलं होतं. त्यानं कपाटावरची बॅग खाली काढली.

"नो प्रॉब्लेम, पापा," तो म्हणाला.

रंगनाथांनी उघडं दार बाहेरून ओढून घेतलं. ते तसेच मीटिंगला गेले.

मीटिंग खाली पार्किंगमध्ये होती. प्लास्टिकच्या खुर्च्या, चहाचे कागदी कप. दत्तप्रसादांनी ठराव वाचला आणि पेन रंगनाथांपुढं केलं. रंगनाथांनी ते घेतलं.

"सही नाही होणार," मागून सुशीलाबाईंचा आवाज आला.

"वहिनी, पुरुषमाणसं बोलतायत—"

"फ्लॅट माझ्या लेकीच्या नावावर आहे. ती बाईमाणूसच आहे." कुणीतरी खुसुखुसू हसलं. "कुणाची तक्रार आहे? नाव सांगा."

"नाव कशाला? सगळ्यांचीच आहे."

"मग एकानं उठून म्हणा. त्यानं कुणाला हात लावला? कुणाला शिवी दिली?"

कुणी उठलं नाही. चहा मात्र सगळ्यांना एकदम प्यावासा वाटला.

"तिसऱ्या मजल्यावर तो जर्मन साहेब होता. आयटीवाला. बियर पिऊन जिन्यात गाणी म्हणायचा. त्याला तुम्ही फेटा बांधून गणपतीच्या आरतीला उभा केला. तो परदेशी नव्हता का, दत्तप्रसाद?"

"त्याची गोष्ट वेगळी होती."

"वेगळी नव्हती. गोरी होती."

आता दत्तप्रसादांची किल्ली थांबली. "गजभियेबाई, आम्ही तुम्हाला सामावून घेतलं, त्याची ही—"

"काय सामावून घेतलं वो?" सुशीलाबाईंची पुणेरी तिथं सुटली. त्यांना सावरायची इच्छाही उरली नव्हती. "बिल्डर गिऱ्हाइकाले तरसला होता म्हनून आमाले मिळालं घर. उपकार कायचे? याचं कातडं दिसते, म्हनून तुमी याले दारातूनच हाकलता. आमचं दिसत नाही, म्हनून आमचं आडनाव इचारता. धंदा एकच. माह्या पोळ्या तुमी कुत्रीले घातल्या, मी बोलली नाही. चूक झाली. तवाच बोलाले पाह्यजे होतं."

त्यांना रडू आलं नाही. त्या फक्त फार दमल्या होत्या. "चला," त्या नवऱ्याला म्हणाल्या.

रंगनाथांनी पेन टेबलावर ठेवलं. टोपण लावायला विसरले. ठरावावर बाकी सगळ्यांच्या सह्या झाल्या.

दोघं लिफ्टपाशी आली तर लिफ्ट बंद. कुणी बंद केली असेल हे विचारण्यात अर्थ नव्हता. जिना चढू लागली. पहिल्या वळणावर सुशीलाबाई दम खायला पायरीवर बसल्या. तेवढ्यात वरून जड बॅगेचा आवाज आला. सेर्ज उतरत होता. एका हातात बॅग, दुसऱ्यात बुटांची पिशवी.

"कुठी चालले, सर्जेराव?"

"गो, मामाँ. नो प्रॉब्लेम."

"प्रॉब्लेम हाय. मागं फिर."

त्याला शब्द कळला नाही. तो भिंतीच्या बाजूनं निघाला. सुशीलाबाई भिंतीकडं सरकल्या. तो कठड्याच्या बाजूनं वळला. त्या कठड्याकडं सरकल्या. बेल्जियम ते सायप्रस दांडगे दांडगे बचावपटू चकवून गेलेल्या त्या माणसाला विदर्भातली एक थकलेली म्हातारी ओलांडता येईना. तो त्याच्याच नकळत पायरीवर मटकन बसला. तोंड ओंजळीत धरलं.

रंगनाथ वाकले. बॅग त्यांच्या मानानं फार जड होती, पण त्यांनी ती दोन्ही हातांनी उचलली आणि कण्हत वर चढू लागले. या वेळी उंबऱ्याशी न थांबता आत गेले आणि बॅग पलंगाखाली सरकवून ठेवली.

मीटिंग संपून लोक वर आले होते. जिन्यात दोघं बसलेली, म्हणून बाजूनं अंग चोरून आपापल्या घरात शिरले. मग एकेक दार बोटभर उघडलं. फटीतून डोळे दिसत होते. पाणी विचारायला त्यातलं एकही दार पूर्ण उघडलं नाही.