चकतीवरची हळद

माझी बायको धुरपता गेली हे मला भैय्यालालनं सांगितलं. ती लाखनीच्या एका खाजगी दवाखान्यात आया होती, तो तिथलाच वॉर्डबॉय. १९८४ चा डिसेंबर. मी माझ्या दुकानात पंपाच्या मोटारीचं वाइंडिंग करत होतो.

"भाऊ, वहिनीच्या छातीत दुखलं. तिथंच पडली. डॉक्टरसाहेबानं झटक्याचं मशीन लावलं."

"मग?"

"मशीनचा दिवा लागला होता, भाऊ. झटका नाही बसला."

हृदय थांबलं तर झटका देणारं ते मशीन कोणीतरी दान दिलेलं होतं. हार झाले, फोटो झाले. वापरायची वेळ मात्र आली नव्हती. पहिला नंबर धुरपताचा लागला.

तेरवी झाल्यावर डॉक्टरांनी बोलावलं. "सेवकरामजी, नागपूरचा मेकॅनिक येऊन नाही राहिला. तुम्ही उघडून पाहता का?"

मी प्लग काढला, झाकण काढलं आणि लाकडी दांडीला वायर बांधली.

भैय्यालाल म्हणाला, "बंद आहे ना भाऊ? मग काहून भेता?"

"बंद मशीनमध्येही करंट बसून राहते."

आत चिनी मातीची जाड चकती होती. कपॅसिटर. हजारो व्होल्ट साठवायचे आणि एकदम सोडायचे, एवढंच तिचं काम. वायर लावली. ठिणगी उडाली नाही. काही साठलंच नव्हतं.

चकतीवर हळदीकुंकवाचं बोट होतं. वर नारळाचं पाणी वाळलेलं. त्यातून एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत जळाल्याची काळी रेघ. भरलेला करंट त्या वाटेनं निघून जात होता.

"हे कोणी केलं?" मी विचारलं.

डॉक्टर खिडकीकडं पाहू लागले. भैय्यालालनंच सांगितलं. खंडेनवमीला सगळ्या मशीनींची पूजा होती. डॉक्टरांनी हौसेनं झाकण काढून दाखवलं, ताकद इथं साठते म्हणून. बाकीच्यांनी डब्याला हळदीकुंकू लावलं. धुरपता म्हणाली, "ताकद आतमधी आहे, तं डब्याले कायले लावता?"

घरीही ती असंच करायची. सायकलची पूजा असली की सीट सोडून चेनीला हळद लावायची आणि मी नवमीभर पँट धूत बसायचो.

"चकती चांगली आहे," मी डॉक्टरांना म्हणालो. "वरचं पुसलं की मशीन चालेल."

"मग पुसून टाका. स्पिरिट देतो. अन् पूजेचं बाहेर कुठं बोलू नका."

चकती काढून मी दुकानात आणली. धुरपताच्या बोटाच्या रेषा अजून स्पष्ट दिसतात. घरात तिचा एकही फोटो नाही. मशीनच्या उद्घाटनाच्या फोटोतही नाही. ती तेव्हा चहा करत होती.

काल भैय्यालाल आला. "भाऊ, साकोलीचा एक म्हातारा भरती आहे, छातीचाच. साहेब विचारून राहिले, झालं का?"

"होऊन जाते," म्हणालो.

स्पिरिटची बाटली समोर आहे, कापूसही आहे. चकती अजून पुसलेली नाही.